उरलेली चार ठिकाणं

४ फेब्रुवारी

प्रिय पोपटा,

पत्र बघून घाबरू नकोस, इकडे सगळे धडधाकट आहेत. फोन असताना ही बाई पत्र का लिहिते, असं तुझी बायको विचारेल. तिला सांग, आमच्या घरात दोन खोल्या, आणि मी फोनवर जे बोलते ते पलीकडच्या खोलीत आईला माझ्याआधी ऐकू जातं. बाकी सगळी म्हातारी झाली, कान तेवढे विशीत राहिलेत. आणि तुझ्याशी फोनवर बोलायचं म्हणजे तरी काय? दिवसभर बसमध्ये माइकवर बोलून तुझा घसा बसलेला, डॉक्टरने संध्याकाळी तोंड बंद ठेवायला सांगितलंय. हं, हं, बघू. याच्यापुढे गाडी सरकत नाही. पत्रात तुला हं म्हणता येणार नाही, म्हणून पत्र.

मुद्द्यावर येते. आईला तुझ्याकडे ने. चार दिवस पाहुणी म्हणून नाही, राहायला ने.

बाबा गेल्यापासून ती माझ्याकडे आहे. तिचा त्रास म्हणशील तर काहीच नाही, आणि तेच कुणाला सांगता येत नाही. कटकट नाही, रुसवे नाहीत, जे पानात पडेल ते खाते. पण मी शिवणयंत्रावर बसले की ती समोर स्टुलावर येऊन बसते आणि माझ्याकडे बघत राहते. मी उठले की उठते. शेजारणीकडे दोन शब्द बोलायला गेले की खिडकीत उभी. परवा मी न्हाणीघराचं दार लावून, नळ सोडून नुसती बसून राहिले. तेवढीच एक जागा, जिथे माझ्याकडे कुणी बघत नाही. बाहेर आले तर आई टॉवेल घेऊन दारात उभी. मला इतका राग आला, आणि मग त्या रागाचीच लाज वाटली.

पुढच्या महिन्यापासून शाळांच्या गणवेशांचं काम सुरू होईल. घरभर खाकी आणि पांढऱ्या कापडाचे ढीग. यांचे गुडघे काम देत नाहीत, जिना उतरायचा तरी मला हाक. मी दमले रे. नुसती दमले, याला दुसरा शब्द नाही.

मुलगा असताना मुलीकडे किती वर्षं राहायचं, असं लोक म्हणतात. मी म्हणत नाही. पण लोक म्हणतात ते तुझ्या कानावर घातलेलं बरं.

उत्तर लिही. बघू असं लिहू नकोस.

तुझी ताई


१५ फेब्रुवारी

ताई,

नमस्कार घे आणि रागवायचं असेल तर पत्र पूर्ण वाचून मग रागव.

तू दमलीस हे मला कळत नाही असं समजू नकोस. पण इथली परिस्थिती तू पाहिलेली नाहीस. चौथा मजला, लिफ्ट नाही. बायको इस्पितळाच्या धुलाई विभागात, तिची पाळी दर आठवड्याला बदलते. ती घरात असते तेव्हा झोपलेली असते. मुलीचं परीक्षेचं वर्ष, बाहेरची खोली तिची. आईला ठेवू कुठे? बायकोला हे झेपणार नाही, मी तिला ओळखतो. ती तोंडाने काही बोलणार नाही, पण भांडी बोलायला लागतील.

आणि माझं म्हणशील तर सकाळी सातला बस उभी करतो, दुपारी दुसरी फेरी, अंधार पडताना घरी. लोकांना वाटतं मजेची नोकरी आहे. रोज शहर बघायला मिळतं म्हणे. अगं, मी शहराकडे पाठ करून उभा असतो. तोंड प्रवाशांकडे, पाठ काचेकडे. उजव्या हाताला बघा म्हणतो तेव्हा मी स्वतः बघत नसतो, उजव्या बाजूची माणसं माना वळवतात तेवढी मला दिसतात. राजवाडा, मनोरा, मोठी बाजारपेठ, पुतळ्यांचा चौक, कारंज्यांची बाग, मग संग्रहालय, जुना पूल, बंदर आणि शेवटी टेकडी. अर्ध्या दिवसात नऊ ठिकाणं. लोक उतरतात, फोटो काढतात, शौचालय कुठे आहे विचारतात, चढतात. मी डोकी मोजतो, यादीतल्या तिकिटांशी जुळली की ड्रायव्हरला चल म्हणतो. एवढं माझं काम. संग्रहालयाच्या आत मी कधी गेलेलो नाही. दारापर्यंत सोडायचं आणि दाराशी थांबायचं.

तरी एक सुचवतो. आईला काही दिवस पाठव. तिने अजून हे शहर पाहिलेलं नाही. गाइडच्या घरच्यांना आमच्या बसमध्ये तिकीट पडत नाही, दाराजवळ एक घडीची सीट असते, तिथे बसवून नेतो. तिला नऊही ठिकाणं दाखवतो, नीट, हात धरून. तिला बदल होईल, तुला विश्रांती मिळेल. शहर बघून झालं की तिला तुझ्याकडे आणून सोडतो. पुढचं पुढे.

भाऊजींच्या गुडघ्यांना शेक देत जा.

तुझा पोपट


२ मार्च

पोपटा,

तुझं पत्र मी दोनदा वाचलं. हो आणि नाही यांच्या मधोमध माणूस इतकी पानं चालू शकतो हे मला माहीत नव्हतं. शाळेत असताना तुझ्या उत्तरपत्रिकाही अशाच असायच्या. लिहिलेलं भरपूर, उत्तर सापडत नाही.

असो. पाठव म्हणालास, तेवढा शब्द मी धरला. समोरच्या दुकानदाराची सून येत्या शनिवारी तुमच्याकडे येते आहे, तिच्यासोबत आईला पाठवते. सकाळच्या गाडीने निघतील, संध्याकाळी स्टेशनवर ये. वेळेवर ये. आई गाडीच्या आधी तासभर फलाटावर जाऊन बसणारी बाई आहे, उतरल्यावर कुणी दिसलं नाही तर तिचा जीव जाईल.

काही गोष्टी लिहून ठेव. रक्तदाबाची गोळी सकाळी, खाल्ल्यावर. भूक लागली असं ती स्वतःहून कधी म्हणत नाही. विचारलं तर मला काही नको म्हणते, त्याचा अर्थ थोडं दे असा होतो. पाय दुखतात, पण दाबू दिले तर ओशाळते. तू लहान असताना बोललास की ती हातातलं काम सोडून ऐकायची, म्हणून तुझं नाव पोपट पडलं. आता तुझा घसा बसलेला असतो हे तिला आधीच सांगून ठेवलंय, म्हणजे तू गप्प बसलास तर तिला वाटायला नको की तू रागावलास.

बॅग मोठी आहे, दचकू नकोस. म्हातारं माणूस आहे, लागतं काहीबाही.

बायकोला सांग, मी तिची वैरीण नाही.

ताई


२३ मार्च

ताई,

बॅग मोठी आहे असं लिहिलं होतंस. त्यात तिच्या सगळ्या साड्या आहेत, स्वेटर आहे, बाबांचा फोटो आहे, आणि ती तुझ्याकडे ज्या ताटात जेवायची ते ताटही आहे. ताट कशाला गं? आमच्याकडे काय जमिनीवर वाढतात? तू तिचं कपाट रिकामं केलंस आणि मला काहीबाही म्हणून कळवलंस. मी चलाखीला चलाखी म्हणतो, मोठी बहीण असलीस तरी.

आता इथलं ऐक. ती पहाटे उठते आणि अंधारात बसून राहते, दिवा लावत नाही, कुणाची झोप मोडू नये म्हणून. मुलगी पाणी प्यायला उठली आणि खुर्चीत कुणीतरी बसलेलं बघून किंचाळली, तर सगळी चाळ जागी झाली. चार मजले उतरायचे म्हणून ती खाली जात नाही. एकदा गेली, वर येताना प्रत्येक जिन्यावर बसली, तिसऱ्या मजल्यावरच्या बाईंनी तिला खुर्ची आणून दिली. आता त्या बाई मला आईची काळजी घ्यायला सांगतात. मी रोज त्यांच्या दारावरून मान खाली घालून जातो.

घरात ती पाहुण्यासारखी वागते. प्यायचं पाणीसुद्धा विचारून घेते. स्वयंपाकघराच्या दाराशी उभी राहते, आत येत नाही. बायको म्हणाली, आई, बसा ना आत. तर म्हणाली, नको, तुमची कामं चालू आहेत. माझ्या आईने माझ्या बायकोला तुम्ही म्हणायला सुरुवात केली आहे. 

मी पहिल्याच दिवशी तिला नीट समजावून सांगितलं, की आई, मस्त शहर बघ, नऊही ठिकाणं बघ, आणि बघून झालं की तुला ताईकडे सोडतो. ती म्हणाली, बरं. आणि तेव्हापासून तीन रविवार गेले, टूरचं नाव काढलं की तिचं काहीतरी निघतं. पहिल्या रविवारी पाय सुजले होते, मला तर दिसले नाहीत. दुसऱ्या रविवारी म्हणाली, ऊन फार आहे. काल म्हणाली, तू रोज तिकडे जातोस, सुट्टीत तरी घरी बस. लोक पैसे मोजून बसतात त्या बसमध्ये, आणि हिला फुकट नको. म्हातारपणी हौस मरते म्हणतात, तसं असेल.

एकदाची टूर झाली की भाऊजींना पाठव. खरं सांगतो, मीही काही कमी दमलेलो नाही.

पोपट


२ एप्रिल

पोपटा,

हो, कपाट मी रिकामं केलं. आई पलीकडच्या खोलीत होती, मी हळूच एकेक साडी काढत होते. तुझी शप्पथ, मला वाटलं होतं ती झोपली आहे.

ताट तिने स्वतः भरलं असणार. मी नाही दिलं.

तुला चलाखी म्हणायचं तर म्हण. मी इकडे आठवडाभर काय केलं सांगू? झोपले. दुपारी यंत्र बंद करून, दार उघडं टाकून झोपले. यांनी दोनदा येऊन बघितलं, श्वास चालू आहे का. मग एक दिवस शिवता शिवता मान वर केली, समोर स्टूल रिकामं दिसलं, आणि मी स्टूल उचलून माळ्यावर ठेवलं. बरं वाटलं. बरं वाटलं हे लिहिताना वाईट वाटतं आहे, पण मी खोटं कशाला लिहू?

तू म्हणतोस तसं होऊ दे. तुझ्याने होत नाही हे मला दिसतं. शहर बघून झालं की कळव, हे येतील न्यायला. गणवेशांचं निम्मं काम उरकलं की बरं, म्हणजे आणखी थोडे दिवस काढ. पण ओढाताण करू नकोस. तिला नको असेल तर तिच्यामागे लागू नकोस.

तुमच्या मुलीला माझा आशीर्वाद. परीक्षा झाली असेल ना?

ताई


९ मे

पोपटा,

महिना झाला, तुझं पत्र नाही. फोन केला की आई उचलते, बरंय म्हणते, तू कामावर असतोस. रविवारी तू उचललास तेव्हा तुझा आवाज असा काही होता, की घसा बसल्याचा नव्हे, आणखी कशाचा तरी. मी विचारलं टूर झाली का, तर झाली थोडी म्हणालास. थोडी टूर म्हणजे काय? बस अर्ध्या वाटेत बंद पडली का? आईला विचारलं तर ती हसली आणि म्हणाली, फार छान बाग आहे.

ही नेमकी कसली गंमत आहे? इथे गणवेशांच्या गुंड्या लावून माझी बोटं सुजलीत, त्यात तुमच्या दोघांची कोडी सोडवत बसू का? काय झालंय ते लिही. आईला काही झालेलं असेल आणि तू लपवत असशील तर मला माफ करता येणार नाही.

ताई


१६ मे

ताई,

लिहितो. बसून वाच, आणि भाऊजींना वाचून दाखवू नकोस.

गेल्या महिन्यातल्या शेवटच्या रविवारी आई एकदाची तयार झाली. माझी सुट्टी होती, पण तिच्यासाठी मी त्या दिवशीची फेरी मागून घेतली. तिला नको असेल तर मागे लागू नकोस असं तू लिहिलं होतंस, तरी मी लागलो. आदल्या दिवशी म्हणालो, आई, किती दिवस टाळणार, एकदा बघून टाक. ती म्हणाली, चल, तू म्हणतोस तर जाऊ. सकाळी माझ्याआधी आंघोळ करून, पिशवी भरून दाराशी उभी.

बस गच्च भरलेली. तिला दाराजवळच्या घडीच्या सीटवर बसवलं. ती सीट माझ्या पाठीमागे येते, हे लक्षात ठेव. राजवाडा तिने बघितला, मनोऱ्याखाली उभं राहून टोकाकडे बघताना तिची मान अवघडली, बाजारात हात धरून फिरवली. मला बरं वाटत होतं. म्हणालो, आई, टेकडीवर गेलो की तुला तिथून आपली चाळ दाखवतो. ती म्हणाली, टेकडी शेवटी ना? मी म्हणालो, हो, सगळ्यात शेवटी.

पाचवं ठिकाण कारंज्यांची बाग. वीस मिनिटं थांबायचं असतं. एका बाईंचं मूल चिखलात पडलं, एका गृहस्थांचा चष्मा हरवला, मी त्या गडबडीत. सगळे चढले तसं मी सीटांच्या रांगेतून जाऊन डोकी मोजली. यादीशी बरोबर जुळली. जुळणारच. आईचं तिकीट नाही, त्यामुळे यादीत ती नाहीच. मी ड्रायव्हरला चल म्हणालो आणि माइक हातात घेतला.

संग्रहालय झालं. पूल झाला. बंदर झालं. मी बोलत होतो, माझी पाठ तिच्या सीटकडे. प्रत्येक ठिकाणी मी पहिला उतरून खाली उभा राहतो, लोक उतरतात, मी पुढे चालतो. संग्रहालयाशी आणि बंदराशी ती उतरली नाही, असं माझ्या मनात आलं ते खरं, पण वाटलं, दमली असेल, बसली असेल आत. ताई, मला असं वाटलं. मी वळून बघितलं नाही. टेकडीवर सगळे उतरल्यावर मी तिला हात द्यायला मागे वळलो, तर सीट मिटलेली.

पुढचं मला नीट आठवत नाही. ड्रायव्हरला सांगितलं, यांना तू परत ने, आणि समोर दिसली ती टॅक्सी पकडली. वाटेत मी रडलो की नाही माहीत नाही, टॅक्सीवाल्याने मात्र पैसे घेताना माझ्या खांद्यावर हात ठेवला.

ती बागेच्या फाटकाजवळ झाडाखालच्या बाकावर बसली होती. मांडीवर पिशवी, पिशवीवर स्वेटरची घडी, गोळी घेऊन झालेली. माळ्याने तिला पाणी आणून दिलं होतं. मला बघून म्हणाली, आलास? बस जरा, किती धापा टाकतोस. मी तिचे पाय धरले. ती माझ्या डोक्यावरून हात फिरवत म्हणाली, अरे, काही नाही झालं, बाग फार छान आहे. मी म्हणालो, आई, मी तुला विसरलो. ती म्हणाली, चार ठिकाणं राहिली ना अजून? राहू देत की. घाई काय आहे.

एवढं झाल्यावरही ती माझी समजूत काढत होती.

मालकाने बोलायचं ते बोलून घेतलं, प्रवाशांना वाऱ्यावर सोडलं म्हणून. ते मला लागलं नाही. मला दुसरंच लागलं आहे. इतकी वर्षं अनोळखी माणसं मोजत आलो, एक कधी कमी पडलं नाही, आणि आपलं माणूस मोजायचं राहून गेलं. ती माझ्याकडे सुरक्षित नाही, ताई. मी माझ्यावर विश्वास ठेवत नाही, तू कशी ठेवशील? भाऊजींना पाठव. उरलेली चार ठिकाणं तिला या महिन्याच्या शेवटच्या रविवारी दाखवतो, या खेपेला माझ्या शेजारी उभी करून. सोमवारी तिला ने.

पोपट


२२ मे

पोपटा,

काल फोनवर फक्त एवढंच म्हणाले की शेवटच्या रविवारी तिला कुठे नेऊ नकोस, बाकी पत्रात लिहिते. आई शेजारी असेल म्हणून जास्त बोलले नाही. आता सावकाश वाच, आणि छाती बडवून घेणं जरा थांबव.

तू तिला विसरला नाहीस. म्हणजे विसरलास, त्याबद्दल भेटल्यावर तुझा कान पिळणार आहे. पण ती चुकून मागे राहिलेली नाही. आई एका तासाच्या कामाला तासभर आधी जाणारी बाई. तिची कधी गाडी चुकली आहे? आयुष्यात एकदा तरी? आणि वीस मिनिटं बाग बघायला कोण स्वेटर, गोळ्या, भरलेली पिशवी घेऊन उतरतं? बाकीच्यांनी सामान सीटवरच ठेवलं असेल. तुझी बस निघताना तिने बघितली असणार. फाटकाजवळच्या बाकावरून बस दिसते की नाही, ते तूच सांग.

आणि तीन रविवार पाय सुजणं, ऊन लागणं. हौस मेली म्हणे. तू तिला पहिल्याच दिवशी सांगितलंस की शहर बघून झालं की तुला सोडतो. मीही लिहिलं, शहर बघून झालं की कळव. आपण दोघांनी मिळून तिच्यापुढे ही एकच मुदत ठेवली, आणि ती शहर संपवत नाहीये. दुसरं काय करेल? तुला नाही म्हणायचं तिला जमत नाही, मला राहू दे म्हणायचंही जमत नाही. आयुष्यात तिने दोन्ही केलेलं नाही.

माझी खात्री होती, तरी परवा तू कामावर असताना मी तिला फोनवर सरळ विचारलं. म्हटलं, आई, बसमध्ये परत का नाही चढलीस? म्हणाली, सगळं एकदम बघून टाकलं तर मग काय?

मग काय, पोपटा? माझ्याकडे ये असं माझ्या तोंडून निघायला हवं होतं. नाही निघालं. तिनेही वाट बघितली नाही, लगेच माझ्या बोटांचं विचारलं. तिने ते कपाट रिकामं होताना ऐकलं होतं. तिचे कान कसे आहेत हे मला माहीत होतं, तरी मी स्वतःला ती झोपली आहे असं सांगत राहिले. म्हणूनच ताट घेऊन निघाली ती. परत यायचं असतं तर माणूस ताट नेत नाही.

मी खोटा मोठेपणा करणार नाही. तिला लगेच परत पाठव असं मी आजही लिहू शकत नाही. माझ्या अंगात अजून तेवढं बळ आलेलं नाही. दिवाळं निघालेल्या दुकानाकडे उधार मागावं तसं होईल ते. आणि तुझ्याकडे जागा नाही, जिने आहेत, बायकोच्या पाळ्या आहेत, सगळं मान्य. कदाचित वर्षाने मी म्हणेन, आता माझ्याकडे आण. तेव्हा मनापासून म्हणेन. आज म्हटलं तर पुन्हा न्हाणीघरात जाऊन बसेन, आणि तिला ते कळेल.

म्हणून एकच मागते. हे येणार नाहीत. तिला ती उरलेली चार ठिकाणं दाखवू नकोस. आणि मी हे तुला लिहिलं असं तिला कळू देऊ नकोस. तिला वाटू दे की तुला काही कळलेलं नाही. तेवढं नाटक तुला जमेल, रोज एकाच गोष्टीचं नवल करतोस तू.

ताई


५ जून

ताई,

पत्र मिळालं त्या दिवशी मी दुपारची फेरी दुसऱ्या गाइडला दिली आणि बंद दुकानाच्या पायरीवर बसून राहिलो. बाकावरून बस दिसते. स्वच्छ दिसते. मी जाऊन बघून आलो.

त्या संध्याकाळी मी बायकोशी बोललो. घसा गेला खड्ड्यात. म्हणालो, आईला इथेच राहू द्यावं असं मला वाटतं, तुला झेपेल का? ती कपडे घडी करत होती. म्हणाली, मी कधी नाही म्हणाले? मी म्हणालो, तू कशाला म्हणशील, मला माहीत होतं ना. ती म्हणाली, तुला माहीत होतं, पण मला विचारलं कुणी? एवढे महिने आई स्वयंपाकघराच्या दारात उभ्या राहतात, मला वाटलं त्यांनाच इथे राहायचं नाही, म्हणून मी गप्प. मग ती माझ्यावर जी चिडली, ते मी लिहीत नाही, तुला फार आनंद होईल. भांडी बोलली नाहीत, तीच बोलली.

सोपं नाही, ताई. उगीच गोड लिहीत नाही. मुलीची खाट भिंतीला लावली तर दार अर्धंच उघडतं. जिने तेवढेच आहेत. तिसऱ्या मजल्यावरच्या बाई म्हणतात, तळमजल्यावर एक खोली रिकामी होते आहे, भाडं जास्त आहे, विचारून बघतो. मी कामावरून येतो तेव्हा मला कुणाशी बोलावंसं वाटत नाही, आणि आता घरात माझी वाट बघणारं माणूस आहे. पहिल्यासारखंच दमायला होतं. दमणं कुठे जाईल?

रविवारी सकाळी आई आंघोळ करून, पिशवी भरून दाराशी उभी. मी काही बोललो नव्हतो, पण तिनेच दिवस मोजले असावेत. चेहरा असा, की जणू मी तिला इस्पितळात न्यायला आलोय. म्हणाली, चल, तुझी ती चार ठिकाणं उरकून टाकू.

मी म्हणालो, आई, एक घोटाळा झाला. ती ठिकाणं बंद आहेत, दुरुस्तीला काढलीत.

तिने माझ्याकडे बघितलं. मी माझ्या नोकरीतलं सगळं कसब पणाला लावून तोंड सरळ ठेवलं.

म्हणाली, चारही?

मी म्हणालो, चारही.

टेकडीसुद्धा?

टेकडीसुद्धा.

बायको आत पाणी भरत होती, तिने नळ बंद केला. आईने चपला काढल्या, पिशवी खुर्चीवर ठेवली आणि खाली बसली. म्हणाली, सरकारी काम ते. वर्षं लागतील त्याला.

मी म्हणालो, लागतील, आई.

तुझा पोपट